मलिक अंबरच्या नावातला 'अंबर' आकाशाचा नव्हे

प्रश्न असा आहे : "मलिक अंबर या नावातला 'अंबर' म्हणजे आपला संस्कृत अंबर, आकाश, असंच ना? नावांच्या पुस्तकांत तोच अर्थ दिलेला असतो. पण काहीजण म्हणतात की ते गुलामांना द्यायचं नाव होतं. मुलाला हे नाव ठेवायचं असेल तर अर्थ कोणता सांगायचा, आणि उर्दू-अरबीत ते लिहायचं कसं?"

आधी थेट उत्तर. मलिक अंबरचा अंबर आकाशाचा नाही. तो अरबी शब्द आहे. समुद्रातून वाहत किनाऱ्याला लागणारा एक करडा, मेणचट, सुगंधी पदार्थ, असा त्याचा अर्थ. इंग्रजीवरून आपण त्याला अंबरग्रीस म्हणतो. 'व्हेल माशाची उलटी पकडली' अशा बातम्या वर्तमानपत्रांत येतात, ती हीच. गुलामाचं नाव हेही खरं, पण अर्धंच खरं. गुलामांना ते द्यायला लागण्यापूर्वी एका मोठ्या अरब कुळाच्या मूळपुरुषाचं हेच नाव होतं. हे दोन्ही माहीत नसलं की नावाचा अर्थ एकतर गोड करून सांगितला जातो, नाहीतर उगाच कडू.

सुरुवात अक्षरांपासून करू, कारण निम्मा गोंधळ तिथेच मिटतो. अरबीत हे नाव चार अक्षरांत लिहितात : ऐन, नून, बे, रे. पहिलं अक्षर ऐन. घशाच्या तळातून, गळा किंचित आवळून काढायचा हा ध्वनी मराठीत नाही, म्हणून आपण त्याचा साधा 'अ' करतो. दुसरं अक्षर नून, म्हणजे 'न'. लिहिलेलं आहे 'अन्बर', पण कोणीही अरब तसं म्हणत नाही. 'न'च्या लगेच पुढे 'ब' आला की त्या 'न'चा 'म' होतो. कुराणपठणाच्या तज्वीद शास्त्रात या बदलाला 'इक्लाब' असं नाव आहे, आणि कुराणाच्या छापील प्रतींत अशा ठिकाणी 'न'वर एक बारीकसा मीम, म्हणजे 'म'चं अक्षर, काढलेला दिसतो. मराठी माणसाला हा नियम वेगळा शिकवावा लागत नाही. अनुस्वारापुढे प, फ, ब, भ आले की त्याचा उच्चार 'म्' होतो, हा आपला परसवर्णाचा नियम तोच आहे. 'अंबर' हे देवनागरी लेखन त्यामुळे अरबी लेखनालाही धरून राहतं आणि उच्चारालाही. रोमन लिपीत मात्र 'एन' लिहायचा की 'एम' हे ठरवावं लागतं. अरब देशांच्या कागदपत्रांत अक्षराला अक्षर लावून 'एन' येतो, भारत-पाकिस्तानात उच्चाराप्रमाणे 'एम'. हा मुद्दा शेवटी पुन्हा येईल.

उर्दूत आकाशाच्या अर्थाचा 'अंबर' शब्दही चालतो, पण तो अलिफ (साध्या 'अ'चं अक्षर), मीम, बे, रे असा लिहितात. देवनागरीत दोन्ही सारखे दिसतात, उर्दूत पहिल्या दोन अक्षरांतच फरक पडतो. जुन्या कागदावरचं, शिलालेखावरचं किंवा कबरीवरचं नाव वाचायचं असेल तर पहिलं अक्षर ऐन आहे की अलिफ एवढं पाहिलं की पुरे. फार जुन्या लिखाणात नुक्ते, म्हणजे अक्षरांची टिंबं, गाळलेले असतात, तिथे आणखी एक फसगत होते. 'अंबर'मधल्या 'ब'खालचा एक नुक्ता काढून वर दोन दिले की ते 'अंतर' होतं. अंतर हे इस्लामपूर्व काळातल्या अंतरा इब्न शद्दाद या योद्ध्या कवीचं नाव. त्याची आई हबशी दासी होती, त्यामुळे संदर्भसुद्धा फसवा जुळून येतो. बिननुक्त्यांच्या मजकुरात फक्त आकारावरून नाव ठरवू नये.

मराठीत याच आवाजाचे आणखी दोन शब्द आहेत, तेही बाजूला काढू. धान्याचं 'अंबार' हा फारसी शब्द, अर्थ रास किंवा कोठार. पन्हाळ्यावरचा अंबारखाना, गंगा-यमुना-सरस्वती या कोठ्यांचा, तो यातलाच. बोलताना त्याचा 'अंबरखाना' होतो आणि मग कोणीतरी तो मलिक अंबरच्या नावाशी नेऊन जोडतो. दोघांचा काही संबंध नाही. इराकमधलं अन्बार हे जुनं शहर आणि आजचा त्याच नावाचा प्रांत यांचं मूळही हे कोठारच, आणि अरबीत ते अलिफनं सुरू होतं. हत्तीवरची 'अंबारी' आणखी निराळी.

गंमत अशी की हा घोळ अरबांनीही घातला आहे. फारसी 'अंबार' तुर्की वाटेनं इजिप्तमध्ये पोहोचला आणि तिथे त्याला ऐन चिकटला. कैरोतल्या इस्पितळात 'अंबर' म्हणजे रुग्णांचा वॉर्ड, आणि तुरुंगातल्या बराकीलाही तोच शब्द. अक्षरं हुबेहूब नावाचीच : ऐन, नून, बे, रे. मुलाचं नाव इजिप्तमध्ये सांगितल्यावर समोरच्याच्या चेहऱ्यावर हलकंसं हसू दिसलं तर कारण हे.

आता अर्थ. अरबीत या शब्दाचा एक जुना ठळक उल्लेख सुगंधाचा नाही, माशाचा आहे. हिजरी सनाच्या ८ व्या वर्षी अबू उबैदा इब्न अल्-जर्राह यांच्या हाताखाली ३०० माणसांची तुकडी समुद्रकिनाऱ्याकडे पाठवली गेली. शिधा संपला. झाडांची पानं झोडपून खायची वेळ आली, म्हणून त्या मोहिमेला 'पाल्याची फौज' असंच नाव पडलं. मग समुद्रानं एक अवाढव्य मासा किनाऱ्यावर टाकला, त्याला 'अल्-अंबर' म्हणत. पंधरा-अठरा दिवस सगळी फौज त्यावर जगली. त्याच्या दोन फासळ्या जमिनीत उभ्या रोवल्या तेव्हा खालून उंट निघून गेला, असं बुखारींच्या हदीससंग्रहात, म्हणजे पैगंबरांविषयीच्या आठवणींच्या संग्रहात, आहे. म्हणजे 'अंबर' हे आधी देवमाशाचंही नाव होतं. जुन्या शब्दकोशांत याच शब्दाचा 'ढाल' असाही अर्थ मिळतो, कारण त्या माशाच्या कातड्याच्या ढाली करत.

सुगंधी अंबरही त्याच काळात ओळखीचा होता. समुद्रात मिळालेल्या अंबरवर कर घ्यायचा का, असा प्रश्न निघाला तेव्हा पैगंबरांचे चुलतभाऊ इब्न अब्बास यांचं मत होतं की हा काही पुरलेला खजिना नव्हे, समुद्रानं बाहेर ढकललेली वस्तू आहे. उलट पाचवा हिस्सा घ्यावा, असं म्हणणारेही होते. एखाद्या वस्तूवर कराचा वाद झडतो म्हणजे तिचा व्यापार चांगला चालत असणार.

उत्तम अंबर कुठला, तर दक्षिण अरबस्तानातल्या हद्रमौतच्या किनाऱ्यावरच्या शिह्र बंदराचा. दहाव्या शतकातला प्रवासी इतिहासकार मसऊदी लिहितो की तिथले लोक रात्री उंटांवर बसून किनाऱ्यानं फिरत. उंट शिकवलेले असत. अंबरचा गोळा दिसला की उंट आपणहून गुडघे टेकी आणि स्वार उतरून तो उचलून घेई. हा पदार्थ नेमका येतो कुठून यावर मात्र शतकानुशतकं एकमत नव्हतं. कोणी म्हणे समुद्राच्या तळाशी डांबरासारखे झरे आहेत, कोणी म्हणे तळाशी उगवणारी बुरशी आहे, कोणी म्हणे कुठल्याशा जनावराची विष्ठा. प्रसिद्ध वैद्य इब्न सीना झऱ्याच्या बाजूचा होता आणि विष्ठेची गोष्ट त्याला पटत नव्हती. त्याचा अंदाज चुकला. स्पर्म व्हेल माकूळ खातो. माकुळाची चोच पचत नाही. त्या टोकदार चोचींभोवती आतड्यात हा मेणचट थर साचतो आणि यथावकाश समुद्रात पडतो. 'उलटी' हा वर्तमानपत्री शब्द त्यामुळे बरोबर नाही. ताजा गोळा काळा असतो आणि त्याला शेणासारखी घाण येते. खाऱ्या पाण्यात आणि उन्हात वर्षानुवर्षं तरंगत राहिल्यावर तो करडा होत जातो आणि घाणीचा सुगंध होतो. अरबी-फारसीत 'अंबर-ए-अश्हब', म्हणजे करडा अंबर, सगळ्यात वरच्या प्रतीचा मानला जाई. फ्रेंचमधला 'करडा अंबर' तोच, आणि त्यावरूनच इंग्रजीतला अंबरग्रीस.

युरोपात या शब्दाचा एक फाटा फुटला. बाल्टिक किनाऱ्यावर सापडणाऱ्या पिवळ्या अश्मीभूत राळेलाही लोक अंबरच म्हणू लागले, कारण तीही समुद्रच आणून टाकी. इंग्रजीत मुलींना ठेवतात ते ॲम्बर हे नाव या राळेचं. संस्कृतात त्या राळेला 'तृणमणी' म्हणतात, घासली की गवताची काडी ओढून घेते म्हणून. फारसी नावही त्याच कल्पनेचं, 'काह्-रुबा', म्हणजे गवत पळवणारा. आजच्या अरबीत विजेला 'कहरबा' म्हणतात ते यावरून. तेव्हा इंग्रजी ॲम्बर आणि अरबी अंबर यांचं मूळ एक असलं तरी नावाचा अर्थ एक नाही.

आता नावाकडे. अरबस्तानातल्या मोठ्या जमातींपैकी बनू तमीम ही एक. तिच्या एका शाखेचा मूळपुरुष अल्-अंबर इब्न अम्र इब्न तमीम, आणि त्याच्यावरून त्या शाखेचं नाव बनू अल्-अंबर. बोलण्यात त्याचं आखूड होऊन 'बल्अंबर' होई. या कुळातल्या माणसाच्या नावामागे 'अल्-अंबरी' लागतं. हे 'अंबरी' आणि अन्बार शहराचा तो 'अल्-अन्बारी' यांत गल्लत करू नये. पहिल्यात ऐन, दुसऱ्यात अलिफ, शिवाय दुसऱ्यात 'बा' दीर्घ. इस्लामपूर्व अरब आपल्या मुलांना कल्ब (कुत्रा), असद (सिंह), सख्र (खडक) अशी राकट नावं ठेवत. त्या ओळीत एखाद्याला महाकाय माशाचं नाव देणं अगदी जुळतं. सुगंधापेक्षा मासा किंवा ढालच त्या नावामागे असावी असं मानायला मला जास्त जागा दिसते.

मग हे नाव गुलामांकडे गेलं कसं? जुन्या अरबी ग्रंथांत एक सवाल-जवाब आहे. एका अरबाला कोणी विचारतं की तुम्ही स्वतःच्या मुलांना अशी भयंकर नावं ठेवता आणि गुलामांना मात्र छान छान, हे कसं? तो म्हणतो, मुलांची नावं आम्ही शत्रूंसाठी ठेवतो, गुलामांची आमच्यासाठी. मुलाचं नाव रणात ऐकू जायचं. गुलामाचं नाव दिवसभर घरात हाक मारायला लागायचं, ते कानाला गोड हवं, शकुनाचं हवं. पण शकुनाच्या नावांतही एक अडचण होती. सहीह मुस्लिम या संग्रहातल्या हदीसनुसार पैगंबरांनी गुलामांना यसार, रबाह, नजीह, अफ्लह ही नावं ठेवू नका असं सांगितलं. या चारही शब्दांत भरभराट, नफा किंवा यश असा अर्थ आहे. कारण व्यवहारातलं : "नफा आहे का घरात?" असं कोणी विचारायचं आणि "नाही" असं उत्तर यायचं, म्हणजे अपशकुन.

वस्तूंच्या नावांना तो धोका नव्हता. म्हणून एक ठरलेला संच तयार झाला. रत्नं : याकूत (माणिक), लूलू (मोती), मरजान (पोवळं), जौहर, फिरोज, अल्मास. सुगंध : अंबर, काफूर, मिस्क (कस्तुरी), संदल, रैहान (सब्जाच्या जातीची सुवासिक वनस्पती), सुंबुल (जटामांसी). यादी नीट पाहिली की लक्षात येतं, हा सगळा त्याच गलबतांतून येणारा महागडा माल आहे ज्यांतून माणसंही विकायला येत. विकत घेणाऱ्यानं माणसाला आपल्या किमती सामानाच्या ओळीत बसवलं. नाव सुंदर आहे हे खरंच, पण ते आईबापांनी ठेवलेलं नाही, आणि आईबापांनी ठेवलेलं पुसून ठेवलेलं आहे.

कधी त्यात थट्टाही असे. इजिप्तचा दहाव्या शतकातला सत्ताधीश काफूर हा काळा हबशी, नाव मात्र पांढऱ्याशुभ्र कापराचं. त्याचं उपनाम 'अबू अल्-मिस्क', कस्तुरीचा बाप. मुतनब्बी या कवीनं आधी त्याची स्तुती केली, हवं ते पद मिळालं नाही तसा निंदेवर उतरला, आणि त्या निंदेत त्याचा रंग आणि त्याची गुलामी दोन्ही आली.

असं नाव गुलामाचं आहे की नाही, हे ओळखायच्या दोन खुणा आहेत. पहिली बापाच्या नावाची. गुलामाचा बाप कागदावर नसे, म्हणून तिथे 'इब्न अब्दुल्ला' असं सरसकट नाव भरलं जाई. अब्दुल्ला म्हणजे अल्लाचा सेवक, म्हणजे कोणीही. भूगोलकोश लिहिणारा याकूत (मृत्यू १२२९) मूळचा बायझंटाइन मुलुखातून आणलेला गुलाम, त्याचं पूर्ण नाव याकूत इब्न अब्दुल्ला अल्-रूमी अल्-हमवी. दुसरी खूण शेवटच्या शब्दाची. स्वतंत्र माणसाच्या नावामागे कूळ किंवा गाव येतं, गुलामाच्या नावामागे पुष्कळदा धनी येतो. बगदादचा नामांकित सुलेखनकार याकूत अल्-मुस्तअसिमी, यातला 'मुस्तअसिमी' हा शेवटचा अब्बासी खलीफा मुस्तअसिम याच्या पदरचा म्हणून. या खुणा काटेकोर नियम नव्हेत. अब्दुल्ला नावाचे खरेखुरे बापही लाखो आहेत. पण रत्नाचं किंवा सुगंधाचं नाव, त्यापुढे 'इब्न अब्दुल्ला' आणि शेवटी एखाद्या धन्याचं नाव, असं तिन्ही एकत्र आलं की शंका राहत नाही.

दख्खनच्या इतिहासात ही यादी घेऊन फिरलं की ओळखीचे चेहरे भेटतात. १६६० साली पन्हाळ्याला वेढा घालणारा सिद्दी जौहर : रत्न. जंजिऱ्याचा सिद्दी संबूल : सुंबुल, म्हणजे जटामांसी, आणि इथेही 'न' लिहून 'म' बोलायचा तोच नियम. तुर्कांच्या ऑटोमन दरबारातही याच नावाचा एक खोजा (जनानखान्यावरचा षंढ केलेला सेवक) सरदार होता, सुंबुल आगा. १६४४ साली त्याचं जहाज माल्टाच्या सरदारांनी लुटलं आणि त्यावरून क्रीटचं लांबलचक युद्ध पेटलं. १६५७ साली औरंगजेबापासून बीदरचा किल्ला लढवताना पडलेला सिद्दी मरजान : पोवळं. विजापूरच्या इब्राहिम रौझ्याच्या बांधकामाशी ज्याचं नाव जोडलेलं आहे तो मलिक संदल : चंदन. आणि त्याआधी देवगिरीवर चालून आलेला मलिक काफूर. हा मात्र हबशी नव्हे, गुजरातच्या स्वारीत खंबायतला हाती लागलेला हिंदू गुलाम. म्हणजे ही नावं रंगावरून नव्हे, विक्रीवरून पडत.

या सगळ्यांत अंबरची गोष्ट ठळक आहे, कारण नाव पडल्याचा प्रसंगच माहीत आहे. सुमारे १५४८ साली इथिओपियात जन्मलेल्या या मुलाचं मूळ नाव चापू. तांबड्या समुद्राच्या बाजारांतून हातोहाती विकला जात तो बगदादला मीर कासिम नावाच्या व्यापाऱ्याकडे आला. मीर कासिमनं त्याला मुसलमान केलं, शिकवलं आणि अंबर हे नाव दिलं. पुढे तो दख्खनला आला, निजामशाहीचा पेशवा चंगीझखान यानं त्याला विकत घेतलं. चंगीझखान स्वतः हबशी, आणि एके काळचा गुलाम. १५७४-७५ च्या सुमारास तो मेल्यावर अंबर मोकळा झाला. १६०० साली अहमदनगर मोगलांनी घेतल्यावर यानंच दुसरा मुर्तजा निजामशहा गादीवर बसवून राज्य पुढे पाव शतक चालवलं. १६१० साली खडकी वसवली, १६२४ साली भातवडीला मोगल आणि विजापूरच्या एकत्र फौजेला हरवलं, आणि १६२६ साली तो वारला. कबर खुलदाबादला आहे.

नावाच्या दृष्टीनं यात पाहण्यासारखं हे की सरदारकीला चढलेले हबशी बहुधा 'याकूतखान', 'इखलासखान' असे खान होत, आणि किताबाखाली आधीचं नाव बुजून जाई. अंबर शेवटपर्यंत अंबरच राहिला. 'मलिक' हा त्याचा किताब, राजा किंवा सरदार या अर्थाचा. तो नावाचा भाग नाही, आडनाव तर नाहीच. पुस्तकाच्या सूचीत त्याला 'म'खाली टाकणं त्यामुळे चूक, 'अंबर, मलिक' असं हवं. 'मालिक अंबर' हे लेखन तर टाळाच. मालिक म्हणजे मालक, आणि विकल्या गेलेल्या माणसाच्या नावाआधी तो शब्द फारच विचित्र दिसतो. मुलाच्या नावात मात्र सुगंध नाही, रत्न नाही : इतिहास त्याला फतेखान म्हणून ओळखतो. खडकीचं फतेनगर झालं ते त्याच्याच नावावरून. पुढे औरंगजेबाच्या नावानं औरंगाबाद, आणि आता छत्रपती संभाजीनगर. एका पिढीत नावाची जात बदलते, हे दख्खनच्या हबशी घराण्यांत पुन्हा पुन्हा दिसतं.

मराठीनं हे नाव आपल्या पद्धतीनं मुरवलं. संस्कृत 'शिवभारता'त तो संधी होऊन 'मलिकांबर' बनतो, जणू पीतांबर, दिगंबर यांच्याच पंगतीतला. मराठीत 'मलिकंबर', आणि त्याच्या जमीनमहसुलाच्या पद्धतीला 'मलिकंबरी धारा'. खडकीला पाणी आणणारी 'नहर-ए-अंबरी' हे तर सरळ विशेषण. आकाशाचा अर्थ चिकटला तो या मुरण्यातूनच. कानाला ओळखीचा शब्द सापडला की माणूस कोश उघडत नाही. मात्र संस्कृत कोशांतही 'अंबर' या शब्दाच्या अर्थांत वस्त्र आणि आकाशाबरोबर एक सुगंधी द्रव्य असाही अर्थ नोंदलेला आहे. दोन वेगळे शब्द कुठेतरी एकमेकांना घासून गेले आहेत खरे, पण मीर कासिमच्या तोंडी संस्कृत नव्हतं.

फारसी आणि उर्दू कवितेनं या नावाला तिसरं वळण दिलं. अंबर काळसर आणि सुगंधी, म्हणून प्रेयसीचे केस अंबरासारखे. 'अंबरीं' म्हणजे अंबराचा वास असलेला. त्यावरून मुलींचं अंबरीन हे नाव आलं, आणि नुसतं अंबरही भारत-पाकिस्तानात आज मुख्यतः मुलीचं नाव आहे. अरबीत ते जुन्या काळी पुरुषाचं होतं. तुम्ही मुलाला ठेवणार असाल तर उर्दू बोलणारे लोक ते मुलीचं समजण्याची शक्यता बरीच आहे, एवढं धरून चाला. इराकमध्ये मात्र 'अंबर' म्हटलं की आधी तांदूळ आठवतो. नजफ-दिवानियाच्या बाजूचा सुवासिक तांदूळ या नावानं विकला जातो, आपल्याकडे वासावरून आंबेमोहर म्हणतात तसा. त्याच इराकमध्ये कैरीच्या पिवळ्या आंबट लोणच्याला 'अंबा' म्हणतात. तो मात्र आपलाच आंबा, मुंबईच्या व्यापारातून बगदादला गेलेला. तिथे गेल्यावर त्यालाही सुरुवातीला ऐन लागला.

मुलाला ठेवावं का? धार्मिक बाजूनं अडचण नाही, अर्थ चांगला आहे आणि वस्तू पाक आहे. मात्र 'कुराणातलं नाव' असं सांगू नये. याकूत, मरजान, लूलू, रैहान, काफूर, मिस्क हे शब्द कुराणात येतात, अंबर येत नाही. गुलामीचा इतिहास आहे म्हणून टाकावं, हेही मला पटत नाही. त्या न्यायानं फिरोज, रैहान, जौहर सगळीच टाकावी लागतील. कोणी विचारलं तर अर्थ 'आकाश' सांगून मोकळं होऊ नका, 'समुद्रातून येणारं सुगंधी द्रव्य' असं सांगा. आणि तुम्हाला आकाशच हवं असेल तर खुशाल ठेवा. तो संस्कृत अंबर स्वतंत्र आणि सुंदर शब्द आहे, फक्त तेव्हा मलिक अंबरचा दाखला देऊ नका, आणि उर्दूत अलिफ-मीमनं लिहा.

लेखनाचं आता नेमकं सांगतो. देवनागरीत 'अंबर', अनुस्वार देऊन. 'अन्बर' किंवा 'अनबर' नको, लोक 'न' सुटा उच्चारतील. उर्दू-अरबीत ऐन, नून, बे, रे. इथे नूनच्या जागी मीम घालणं ही सर्रास होणारी चूक आहे, कारण कानाला 'म' ऐकू येतो. अबजद पद्धतीनं, म्हणजे प्रत्येक अक्षराला ठरलेली किंमत देऊन, आकडा काढायचा झाला तर ऐन ७०, नून ५०, बे २, रे २००, बेरीज ३२२. मीम घातला तर ३१२ येतात आणि कालश्लेष, म्हणजे अक्षरांच्या बेरजेतून काढलेलं साल, चुकतो. रोमन लिपीत भारतात राहायचं असेल तर 'एम'वालं लेखन घ्या. पण जन्मदाखला, आधार, पासपोर्ट तिन्हीवर एकच ठेवा. आखाती देशांत अरबीतून रोमनमध्ये उतरवताना तिथला कारकून हमखास 'एन' लिहितो, आणि मग एकाच माणसाची दोन नावं होतात. व्हिसाच्या कागदांवर अरबी लेखन ऐन-नूनचं आणि रोमन लेखन पासपोर्टातलं, हे दोन्ही स्वतः तपासून मगच सही करा.

आणि एक, नावाशी थेट संबंध नाही पण हा विषय निघाला की लोक विचारतात म्हणून. मुलाच्या बारशाला 'खरा अंबर' आणायच्या भानगडीत पडू नका. स्पर्म व्हेलला वन्यजीव संरक्षण कायदा, १९७२ चं संरक्षण आहे, त्याचं अंबरग्रीस बाळगणं आणि विकणं दोन्ही भारतात गुन्हा आहे. अत्तराच्या दुकानात 'अंबर' म्हणून जी बाटली मिळते तिच्यात देवमाशाचं बहुधा काही नसतं. लॅब्डनम नावाच्या झुडपाची राळ, लोबान आणि व्हॅनिलाचा गोडसर वास यांचं ते मिश्रण असतं. बारशाला तेवढं पुरे आहे.